गटवाले सर

आमच्या तालुक्यातल्या बहुतेक शिक्षकांना प्रशिक्षणात जेवण लागतं. गटवाले सरांना प्रशिक्षणच लागलं.

बाकीचे लोक सकाळी हजेरीपटावर सही करतात, दुपारी वरण-बट्टी चापतात, चार वाजता चहाबरोबर अभिप्रायाच्या कागदावर 'अत्यंत उपयुक्त' असं लिहितात आणि संध्याकाळच्या पॅसेंजरनं नरडाणा स्टेशनात उतरतात. मिळालेली पुस्तिका घरी गॅसच्या शेगडीखाली अंथरली जाते. सरांनी ती पुस्तिका वाचली. पेन्सिलीनं रेघा मारून वाचली. दुसऱ्या दिवशी पहिल्याच तासाला आठवी ब मधून असा काही आवाज उठला, की शेजारच्या वर्गातल्या बाई खडू हातात घेऊन व्हरांड्यात आल्या. शिरपूरकडे निघालेला एखादा ट्रक हायवे सोडून शाळेत घुसला, असंच त्यांना वाटलं. प्रत्यक्षात आत बाक ओढले जात होते.

तो आवाज पुढं आमच्या शाळेची ओळख झाला. लाकडी बाक, त्याला लोखंडी पाय, खाली शहाबादी फरशी, आणि ओढणारे आठवी ब चे गडी. बाक उचलून ठेवा, असं सर दरवेळी सांगत. पण उचलायला चार जण लागतात आणि ओढायला एक पुरतो, हे गणित पोरांना कोणत्याही गटचर्चेशिवाय येत होतं.

सर दिसायला चारचौघांसारखे. पांढरा शर्ट, कॉलरवर घामासाठी रुमाल, आणि खिशात जिथं इतरांचा एक पेन असतो तिथं पाच रंगांचे स्केचपेन. खांद्याला साडीच्या दुकानाची कापडी पिशवी. तिच्यात शिट्टी, टेबलावरची घंटी, चिठ्ठ्यांचा डबा, सुतळी, कात्री, आणि घोटीव कागदाचे ताव. नवीन आलेल्या शिपायाला वाटलं, शाळेत जादूचे प्रयोग आहेत. 'गटवाले सर' हे नाव पोरांनी पाडलं आणि गावानं उचललं. निवडणुकीच्या दिवसांत एका पालकानं हे नाव ऐकून काळजीनं विचारलंही, "सर कोनता गटना शेतस?"

सरांची पहिली पद्धत फिलिप्स सहासष्ट. डोनाल्ड फिलिप्स नावाच्या अमेरिकेतल्या प्राध्यापकाची. सहा जणांचा गट करायचा, सहा मिनिटं चर्चा करायची, मग प्रत्येक गटानं एक मुद्दा मांडायचा. बी.एड.च्या पुस्तकात ही सगळ्यांनी वाचलेली असते आणि परीक्षेत चार गुणांना लिहिलेली असते. वर्गात करून बघायची असते, हे सरांखेरीज कुणाच्या डोक्यात आलं नव्हतं. आठवी ब चा पट साठ. दहा गट झाले, हिशेब नेमका बसला. फक्त फिलिप्ससाहेबांनी बाक ओढायचा वेळ धरलेला नव्हता. तास ३५ मिनिटांचा. त्यात बाक जायला पाच, परत यायला पाच, 'मी याच्या गटात बसणार नाही' हे मिटवायला चार. आणि चर्चा कशी करावी, दुसऱ्याला मधेच कसं तोडू नये, थोडक्यात कसं बोलावं, हे सर एकटे २१ मिनिटं समजावून सांगत. मग घंटी वाजवून म्हणत, "चला, सहा मिनिटं सुरू!" आणि लगेच शाळेचीही घंटा व्हायची.

मात्र सर खचणाऱ्यांतले नव्हते. महिन्याभरात त्यांनी दुसरी पद्धत आणली. मेरीलँड विद्यापीठातल्या फ्रँक लायमन यांनी ती १९८१ साली मांडली. आधी एकट्यानं विचार करायचा, मग शेजाऱ्याशी बोलायचं, मग वर्गाला सांगायचं. हिचा मोठा फायदा म्हणजे बाक हलवावे लागत नाहीत. शेजारच्या बाईंनी या लायमनसाहेबांचे मनोमन आभार मानले.

पहिला टप्पा उत्तम झाला. विचार करा म्हटल्यावर सगळा वर्ग पंख्याकडं पाहू लागला. दुसरा त्याहून उत्तम. पोरं एकमेकांकडं वळली आणि अहिराणीत असा काही कल्ला उठला, की सरांना भरून आलं. पाऊस का लांबतो, कापसाला भाव का मिळत नाही, विहिरीचं पाणी उन्हाळ्यात कुठं जातं, पोरांना सगळं ठाऊक होतं आणि सगळं बोलता येत होतं. मग सरांनी घंटी वाजवली. "हं, आता वर्गाला सांगा. शुद्ध भाषेत." लगेच स्मशानशांतता. मघाशी कापसाच्या भावावर हात उडवून बोलणारा गडी उभा राहिला, टाय नीट केला आणि म्हणाला, "सर, कापूस हे एक नगदी पीक आहे." आणि बसला.

दुसऱ्या आणि तिसऱ्या टप्प्याच्या मध्ये कुठेतरी ते सगळं सांडत होतं. लायमनसाहेबांच्या मेरीलँडात हा प्रश्न आला असेल-नसेल, पण नरडाण्यात तो रोज येत होता. गंमत अशी की सर स्वतः घरी अहिराणीच बोलतात. शाळेच्या फाटकातून आत आले की त्यांची जीभ चप्पल बाहेर काढून येते. ही गोष्ट त्यांच्या लक्षात यायला दिवाळी उलटावी लागली.

तोवर सहा टोप्या आल्या. एडवर्ड डी बोनो यांचं १९८५ सालचं पुस्तक. एकाच विषयावर सहा बाजूंनी विचार करायचा आणि प्रत्येक बाजूला एका रंगाची टोपी. पांढरी म्हणजे फक्त माहिती, लाल म्हणजे भावना, काळी म्हणजे धोके, पिवळी म्हणजे फायदे, हिरवी म्हणजे नव्या कल्पना, आणि निळी सगळ्यांना शिस्तीत ठेवणारी. सरांनी रात्री जागून घोटीव कागदाच्या टोप्या केल्या. विषय होता 'गावात एमआयडीसी आल्यानं काय झालं?' नरडाण्यात हा विषय काढला तर म्हशीसुद्धा मान वर करतात, त्यामुळे चर्चा रंगली. काळ्या टोपीनं धूर काढला, पिवळीनं नोकऱ्या काढल्या, लाल टोपीवाली पोरगी 'आमची शेती गेली' म्हणून खरंच रडली, आणि निळ्या टोपीवाला सगळ्यांना शिस्त लावता लावता स्वतःच मारामारीत पडला.

भानगड शाळा सुटल्यावर झाली. पोरं टोप्या घालूनच घरी गेली. दुसऱ्या दिवशी फाटकाशी पालक उभे. याच्या पोराला निळी का आणि त्याच्या पोराला हिरवी का, शाळा कोणाचा प्रचार करतेय, आमच्या पोराला काळी टोपी घालून कोणाचा निषेध करवला? सरांनी पांढऱ्या टोपीचं उदाहरण घेऊन समजवायला सुरुवात केली आणि फसले. कारण समोर उभे असलेले सगळे आजोबा पांढऱ्या टोपीतच होते. डी बोनोंच्या हिशेबानं पांढरी टोपी घातलेल्यानं नुसती माहिती सांगायची असते. आमच्या पारावर पांढऱ्या टोपीखाली राग, धोका, फायदा आणि नवनव्या कल्पना हे सगळं एकाच वाक्यात निघतं. तेवढी माहितीच काय ती नसते.

यानंतर हेडसरांनी त्यांना बोलावून घेतलं. हेडसर जुन्या पठडीतले. एका दमात ३५ मिनिटं शिकवायचं, शेवटी "समजलं का?" विचारायचं, वर्गानं "होऽऽ सर" म्हणायचं, हा त्यांचा तीस वर्षांचा परिपाठ. ते म्हणाले, "अहो सर, याच लायनीवर पुढं अमळनेर आहे. साने गुरुजींनी प्रताप हायस्कुलात १९२४ ते १९३० शिकवलं. त्यांच्याकडं काही सहा टोप्या होत्या का?"

"नव्हत्या सर. पण गुरुजी वसतिगृहात पोरांबरोबर राहत होते. त्यांची चर्चा रात्री व्हायची. मला ३५ मिनिटांत उरकायचं असतं."

हेडसरांनी हुकमाचं पान काढलं. "बरं. १९३२ साली आपल्या धुळ्याच्या तुरुंगात विनोबांनी गीतेवर प्रवचनं दिली. एक बोलतोय आणि बाकीचे ऐकताहेत. गुरुजी तिथं लिहून घेताहेत. त्यातून पुस्तक झालं. तिथं कुणी तुमच्यासारखं सहा-सहाचे गट पाडले असते, तर गीताप्रवचनं झाली असती का?"

स्टाफरूममध्ये सगळे गप्प. सर जरा वेळ विचारात पडले. (पहिला टप्पा.) मग म्हणाले, "सर, समोर साने गुरुजी लिहून घ्यायला बसले असतील तर व्याख्यान चालतंच हो. माझ्यासमोर आठवी ब आहे."

हेडसर हसले आणि टोप्यांवर बंदी घालून बाकी सगळं चालू ठेवायला सांगितलं.

चिंचोक्यांचं प्रकरण यानंतरचं. बडबड्यांना आवर घालायचा आणि मुक्यांना बोलतं करायचं, यासाठी एक साधी युक्ती आहे. प्रत्येकाला सारखेच ठोकळे द्यायचे. एकदा बोललं की एक ठोकळा मध्ये टाकायचा. ठोकळे संपले की तोंड बंद, बाकीच्यांचे संपेपर्यंत थांबायचं. सरांनी पहिल्या दिवशी भुईमुगाच्या शेंगा वाटल्या. चर्चा सुरू व्हायच्या आतच निम्म्या वर्गानं आपला बोलण्याचा हक्क खाऊन टाकला. दुसऱ्या दिवसापासून चिंचोके आले.

चिंचोक्यांनी आठवडाभर फारच छान काम केलं. मग सरांच्या लक्षात आलं, की तिसऱ्या बाकावरचा एक गडी बोलतोच आहे, बोलतोच आहे, आणि त्याचे चिंचोके काही संपत नाहीत. पुढं तो सरपंच होणार, असं सगळी शाळा मानत होती. चौकशीत कळलं, की मधल्या सुट्टीत तो मागच्या बाकावरच्यांकडून चिंचोके विकत घेत होता. भाव रुपयाला दोन, आणि परीक्षा जवळ आली की रुपयाला एक. विकणारेही खूश, कारण बोलायचं टळलं आणि वर बोरकुटाचे पैसे सुटले. लोकशाही शिकवायला निघालेल्या सरांना पोरांनी लोकशाहीचा पुढचा धडा आधीच शिकवून ठेवला होता. सरांनी सगळा साठा जप्त केला. साठा बराच होता.

सरांना आठवी ब वर जय मिळाला तो वेगळ्याच पद्धतीनं, आणि तिचं श्रेय त्यांच्याइतकंच एस.टी. महामंडळाला जातं. ही पद्धत एलियट अ‍ॅरन्सन यांची. १९७१ साली अमेरिकेत, टेक्सासमधल्या ऑस्टिन शहरात, काळी आणि गोरी पोरं एका वर्गात आणली गेली आणि एकमेकांच्या जिवावर उठली. अ‍ॅरन्सननी धड्याचे तुकडे केले आणि प्रत्येक पोराच्या हाती एकच तुकडा दिला. आता शेजारच्याचं ऐकलं नाही तर अख्खा धडा कळायचा नाही. ज्याला हिणवायचं त्याच्याकडंच आपले मार्क अडकलेले.

सरांनी त्यासाठी धडा निवडला तो पुस्तकाबाहेरचा, आपल्या तालुक्यातला. चिमठाण्याची खजिन्याची लूट. १४ एप्रिल १९४४. सातारच्या प्रतिसरकारचे क्रांतिकारक इतक्या लांब खानदेशात आले आणि त्यांनी इथल्या साथीदारांच्या मदतीनं धुळ्याहून निघालेला इंग्रज सरकारचा खजिना चिमठाण्याजवळ अडवून साडेपाच लाख रुपये नेले. जी. डी. बापू लाड, नागनाथअण्णा नायकवडी, आणि आपले डॉक्टर उत्तमराव पाटील. सरांनी त्याचे चार तुकडे केले. पहिल्यात प्रतिसरकार म्हणजे काय, दुसऱ्यात माणसं कोण, तिसऱ्यात खजिना कसा अडवला, चौथ्यात पैशाचं पुढं काय झालं. प्रत्येक तुकड्याच्या पोरांनी आदल्या दिवशी एकत्र बसून तयारी केली. चौथा तुकडा सरांनी मुद्दाम पासवाल्या पोरांना दिला, म्हणजे आसपासच्या खेड्यांतून एस.टी.नं येणाऱ्यांना. ही पोरं तोंड उघडत नाहीत, वर्गात कुणी त्यांना धरत नाही, आणि शेवटच्या बाकावर दप्तर मांडीवर घेऊन गाडीच्या वेळेची वाट बघत बसतात.

दुसऱ्या दिवशी एस.टी. आली नाही.

वर्गात खजिना थाटात लुटला गेला. तिसऱ्या तुकड्यानं बाकांवर चढून लुटला. पण पुढं काय?

"पैसे कुठं गेले?"

"ते चौथ्याकडं आहेत."

"चौथा कुठं आहे?"

"आला नाही."

साडेपाच लाख रुपये घेऊन आठवी ब चे पंधरा जण बेपत्ता, अशी बातमी दुपारपर्यंत शाळाभर झाली. मधल्या सुट्टीत तर्क लढायला लागले. कुणी म्हणे, वाटून घेतले. कुणी म्हणे, तापीत बुडाले. नववीवाले येऊन चौकशी करून गेले. शिपाई जिभाऊंनी तर उघड सांगितलं, सरकारी पैसा आहे, कुठं गेला हे कधीच कळत नसतं.

तिसऱ्या दिवशी गाडी आली. शेवटच्या बाकावर बसणारी ती पोरं फाटकातून आत शिरली, तर अख्खा वर्ग त्यांना घ्यायला पुढं धावला. आयुष्यात पहिल्यांदाच कुणी त्यांची वाट पाहत होतं. तास सुरू झाला. त्यांच्यातला एक किरकोळ पोरगा उभा राहिला. घसा खाकरला. 'सदर रक्कम' असं म्हणाला आणि अडकला. कागदावरचं शुद्ध मराठी त्याच्या घशात हाडासारखं बसलं. सरांनी सवयीनं 'शुद्ध भाषेत' म्हणायला तोंड उघडलं आणि मिटलं. पुस्तिकेत कुठंच न लिहिलेली एक गोष्ट त्यांनी त्या दिवशी केली. म्हणाले, "परवा जसं पोरेसले सांगं, तसंच सांग रे भो."

पोरगा सुटला. "पैसा कोन्हीच खादा नही! त्या पैसावर सरकार चालनं. इंग्रजेसनं नही, आपलं!" आणि मग प्रतिसरकारची न्यायसभा, गावगुंडांचा बंदोबस्त, सगळं त्यानं अहिराणीत, हातवारे करून असं सांगितलं, की मागच्या दारात उभे असलेले जिभाऊ हातातली घंटा वाजवायची विसरले. तास दहा मिनिटं जास्त चालला. शेजारच्या बाईंनीसुद्धा तक्रार केली नाही. त्या खिडकीतून ऐकत होत्या.

या विजयानं सर हवेत गेले आणि वर्गाबाहेर हात-पाय पसरू लागले. घरी प्रयोग झाला. संध्याकाळी काय करायचं, यावर आधी प्रत्येकानं एकट्यानं विचार करायचा, मग जोडीत बोलायचं, मग सगळ्यांना सांगायचं. वहिनी म्हणाल्या, "विचार मी सकाळीच केला. जोडीत बोलून झालं सासूबाईंशी. आता सगळ्यांना सांगते, भरीत आणि कळण्याची भाकरी आहे. वांगी भाजायला काड्या आणून द्या." लायमनसाहेबांना जे ३५ मिनिटांत जमत नाही ते वहिनींनी एका श्वासात केलं.

मग शेजारच्या एका गावानं त्यांना तंटामुक्तीच्या बैठकीला बोलावलं. ती मोहीम २००७ साली सुरू झाली, तेव्हापासून एखाद्या मास्तराला मध्ये घालायची रीत पडली आहे. दोन सख्ख्या भावांचा बांधावरून तंटा. एका लिंबाच्या झाडासाठी सात वर्षं बोलणं बंद. सरांनी नियम घातला, की प्रत्येकानं आपली बाजू न सांगता दुसऱ्याची बाजू सांगायची. थोरला तासभर धाकट्याच्या बाजूनं बोलला, आणि ती बाजू इतकी मूर्खपणाची करून सांगितली, की धाकटा काठी शोधू लागला. दुसऱ्या बैठकीत सरांनी दोघांना चिंचोके दिले. तिसऱ्या बैठकीला भिंतीवर तक्ते लावले. चौथ्या बैठकीच्या आदल्या रात्री दोघे भाऊ सात वर्षांत पहिल्यांदा एका ओट्यावर बसले, एक कागद लिहिला आणि दोघांनी खाली सह्या केल्या. कागदात लिहिलं होतं, की लिंब निम्मा-निम्मा, सावली ज्याच्या शेतात पडेल त्याची, पण या सरांना पुन्हा बोलावू नये. सर तो कागद आजही खिशात ठेवतात आणि गटचर्चेचं यश म्हणून दाखवतात. त्यात चूक काढणं अवघड आहे.

लोक हसतात, आम्हीही हसतो. पण एक गोष्ट आमच्या सगळ्यांच्या लक्षात आली आहे, आणि ती कुणी मोठ्यानं बोलत नाही. हेडसर मागच्या महिन्यात बदली तासाला आठवी ब वर गेले. ३५ मिनिटं शिकवलं आणि शेवटी विचारलं, "समजलं का?" तीस वर्षांत पहिल्यांदा समोरून 'होऽऽ सर' आलं नाही. दोन-तीन पोरं एकमेकांकडं वळून कुजबुजली, मग तो एस.टी.वाला किरकोळ पोरगा उभा राहिला आणि म्हणाला, "सर, पहिलं समजलं. दुसरं आमच्यात दोघांना समजलं, दोघांना नाही. तिसरं तुम्ही सांगितलंच नाही." हेडसर स्टाफरूममध्ये आले, पाणी प्यायले आणि तिसरं काय होतं ते पुस्तकात शोधू लागले. पालकांच्याही तक्रारी सुरू झाल्या आहेत. एक बाप हेडसरांकडं येऊन म्हणाला, "सर, पोरेसले बोलाले शिकाडं ते बरं कयं. पन आते त्या घरमा बी बोलतस."

परवाच्या पालकसभेत हेडसरांनी सरांना पाच मिनिटं दिली. विषय सरांनीच निवडला होता, 'कमी बोलून जास्त शिकवणे'. चाळीस मिनिटं झाली तरी सर अजून प्रस्तावनेतच होते. आजोबा लोक टोप्यांनी वारा घेऊ लागले. तेवढ्यात आठवी ब ची एक मुलगी उठली, ताठ मानेनं पुढं आली आणि सरांसमोर टेबलावर एक चिंचोका ठेवला. "सर, हा तुमचा शेवटचा." सगळी सभा हसायला लागली. हेडसर तर टाळ्या वाजवू लागले.

सरांनी चिंचोका उचलला, कौतुकानं पाहिला, मुलीला शाबासकी दिली. मग साडीच्या दुकानाच्या त्या पिशवीत हात घातला आणि आठवी ब कडून जप्त केलेला सगळा साठा टेबलावर ओतला.

"तर," सर म्हणाले, "मुद्दा क्रमांक दोन."